व्हिएन्नाचे पंतोजी आणि व्हिएन्नाचे तत्त्ववेत्ते

इ. स. १९१९ च्या सप्टेंबर महिन्यांत व्हिएन्ना शहरांतील एका अध्यापनशाळेंत तीस वर्षांचा एक विद्यार्थी दाखल झाला. त्याच्या शेजारीं बाकावर बसणारीं मुलें त्याच्याहून पुष्कळच लहान होतीं. त्याचा बाप ऑस्ट्रियांतील पोलादाच्या धंद्यांतील एक बडा कारखानदार होता. आणि बापामागें वांट्यास आलेली सारी संपत्ति या गृहस्थानें नुकतीच आपल्या भावंडांच्या नांवें करून टाकिली होती. महायुद्धांत शिपाईगिरी करीत असतांनाच त्यानें एक छोटा ग्रंथ लिहून पुरा केला होता. तो ग्रंथ १९२१ सालीं छापून निघाला व त्या शतकांतील तत्त्वज्ञानविषयक ग्रंथांत त्याची गणना पहिल्या पंक्तींत होऊं लागली. या गृहस्थाचें नांव लुड्विग विट्गेन्स्टाइन. तत्त्वज्ञानांत जें सांगावयाचें होतें तें सांगून झालें, आतां खेड्यांतील मुलांस लिहावयास, वाचावयास व हिशेब करावयास शिकवावें, असें ठरवून तो मास्तरकीची सनद मिळविण्यास आला होता.

ही एका लक्ष्मीपुत्राची लहर होय, असें म्हणून कोणी ही गोष्ट बाजूस सारील. लहरीचा भाग तींत मुळींच नव्हता असें आम्हीही म्हणत नाहीं. परंतु विट्गेन्स्टाइन ज्या वर्षीं अध्यापनशाळेंत शिरला त्याच वर्षीं ऑस्ट्रियाच्या शिक्षणखात्याचीं सूत्रें एका माजी प्राथमिक शिक्षकाच्या हातीं आलीं होतीं. आणि पुढील पंधरा वर्षांत त्या एका शहरांतील वैद्य, मानसशास्त्रज्ञ, अर्थशास्त्री व तत्त्ववेत्ते कोणत्या ना कोणत्या वाटेनें प्राथमिक शाळेच्या दारीं येऊन उभे राहिले. व्हिएन्नाच्या तत्त्वज्ञानाची कीर्ति आमच्या कॉलेजांतून पुष्कळ गायिली जाते. तें तत्त्वज्ञान ज्या काळीं वाढलें त्या काळीं त्या शहरांत पंतोजीस काय मान होता, ही गोष्ट मात्र कोणी सांगत नाहीं. ती आज सांगण्याचा आमचा विचार आहे.

प्रथम थोडी मागील हकीकत दिली पाहिजे. ऑस्ट्रियांत सक्तीचें शिक्षण आलें तें मारिया थेरेसा राणीच्या हुकुमानें, १७७४ च्या डिसेंबर महिन्यांत. तत्पूर्वीं एक वर्ष जेसुइट पंथ बरखास्त झाला होता व त्याची मालमत्ता सरकारजमा झाल्यामुळें शाळांस पैसा मिळण्याची सोय झाली होती. योजना आंखण्यासाठीं राणीनें फेल्बिगर नांवाचा एक मठाधिपति आणविला. तो राहणारा सायलेशियांतील सागानचा, म्हणजे प्रशियाच्या राजानें राणीपासून लढाई करून हिसकावून घेतलेल्या प्रांतांतला! शत्रूच्या मुलखांतून शिक्षक उसना आणण्यांत राणीला कमीपणा वाटला नाहीं, हें तिच्या शहाणपणाचें लक्षण होय. फेल्बिगरच्या पूर्वीं गुरुजी एकेका मुलास आपल्याजवळ बोलावून धडा घेत आणि बाकीचीं मुलें कुचाळक्या करीत बसत. सगळ्या वर्गास एकदम शिकविण्याची रीत त्यानें तेथें घालून दिली. ही रीत उपयुक्त होती यांत संशय नाहीं. पण ती घोकंपट्टीचीच रीत होती. राणीला हवी होती ती आज्ञाधारक रयत, आणि फेल्बिगरची शाळा ती रयत तयार करण्यास पुरेशी होती.

पुढें १८५५ सालीं पोपाशीं झालेल्या तहानें शाळांवरील देखरेख पुन्हां पाद्र्यांकडे गेली. १८६६ सालीं प्रशियानें ऑस्ट्रियाचा पराभव केला, तेव्हां लढाई प्रशियाच्या पंतोजीनें जिंकली असें लोक बोलूं लागले. पराभवानें जें शहाणपण आलें त्यांतून १८६९ च्या मे महिन्यांतील शाळांचा कायदा निघाला. त्यानें शिक्षणाची सक्ती आठ वर्षांची केली, देखरेख सरकारकडे आणिली आणि शिक्षक तयार करण्यासाठीं चार वर्षांच्या अध्यापनशाळा काढिल्या. दुसऱ्याच वर्षीं निघालेल्या नियमांनीं मुलांस मारण्याची मनाई झाली. हा शेवटचा नियम वाचकांनीं लक्षांत ठेवावा. त्याची गांठ पुढें पडणार आहे.

ना. गोखले यांनीं १९१० च्या मार्च महिन्यांत वरिष्ठ कायदेमंडळांत सक्तीच्या शिक्षणाचा प्रश्न काढिला, तेव्हां ज्या देशांचे आंकडे त्यांनीं सरकारपुढें मांडले त्यांत ऑस्ट्रिया-हंगेरीचाही समावेश होता. तेथें लोकसंख्येच्या शेंकडा १५ हून अधिक माणसें प्राथमिक शाळेंत होतीं, आणि हिंदुस्थानांत शेंकडा दोनही भरत नव्हतीं. त्यांचें बिल १९१२ सालीं ३८ विरुद्ध १३ मतांनीं फेंटाळलें गेलें, हा इतिहास आमच्या वाचकांस ठाऊकच आहे. सारांश, ज्या काळीं आमच्याकडे मुलास शाळेंत आणावें कीं नाहीं याचा वाद चालू होता, त्या काळीं ऑस्ट्रियांत तो प्रश्न मिटून गेला होता व त्याहून कठिण प्रश्न पुढें आला होता. कायदा मुलाचा हात धरून त्याला शाळेच्या उंबरठ्याआंत आणूं शकतो. आंत आणिल्यावर त्याच्या डोक्याचें काय करावयाचें?

या प्रश्नास ज्यानें हात घातला तो ओटो ग्लोकेल. जन्म १८७४, पोटेन्डॉर्फ गांवीं. बाप शाळामास्तर, आणि मुलगाही शाळामास्तरच झाला. व्हिएन्नांत शिक्षक असतां त्याचीं राजकीय मतें नगराध्यक्ष लुएगर यास रुचलीं नाहींत व १८९७ सालीं कांहीं सोबत्यांसह त्याची नोकरी गेली. १९०७ सालीं तो पार्लमेंटांत निवडून आला आणि महायुद्धानंतर बादशाही कोसळून लोकसत्ता आली, तेव्हां १९१९ च्या वसंत ऋतूंत शिक्षणखात्याचा कारभार त्याच्याकडे आला. तो त्याच्या हातीं राहिला पुरतीं दोन वर्षेंही नाहीं. पण त्या अवधींत त्यानें केलेलीं कामें पाहावीं. मुलींना कायद्याच्या पदवीचें दार उघडलें तें याच काळांत. लष्करी विद्यालयांच्या इमारतींत त्यानें गरिबांच्या हुशार मुलामुलींसाठीं वसतिगृहासह शाळा काढिल्या. आणि १९१९ च्या १० एप्रिल रोजीं एक हुकूम काढिला कीं, शाळेंतील प्रार्थना, चर्चमधील उपासना व पापनिवेदन यांची सक्ती यापुढें विद्यार्थ्यावर अगर शिक्षकावर होणार नाहीं. यानें धर्मशिक्षणाचा तास बंद झाला नाहीं, बंद झाली ती सक्ती. तथापि धर्म बुडाला अशी ओरड उठली ती पुढें चौदा वर्षें थांबली नाहीं.

आम्ही वकिलीच्या पेशांतले असल्यामुळें येथें एक गोष्ट नमूद केल्यावांचून आम्हांस राहवत नाहीं. १९२० सालच्या ऑस्ट्रियन राज्यघटनेंत शाळांचा अधिकार मध्यवर्ती सरकारचा कीं प्रांतांचा, हा तंटा पक्षोपपक्षांत मिटला नाहीं. सबब उभयतांनीं एकमतानें कायदा करीपर्यंत जुनेंच चालावें असें ठरलें. एकमत होणें दुरापास्त होतें. याचा अर्थ असा कीं, ग्लोकेलच्या सुधारणेस कायद्याचा पाया फारसा मिळालाच नाहीं. त्याची बहुतेक इमारत खात्याचे हुकूम आणि शहराचे अधिकार यांवर उभी होती. जें हुकुमानें येतें तें हुकुमानें जातें. ग्लोकेलला हें कळत नव्हतें असें नाहीं. पण कायद्याची वाट पाहत बसला असता तर त्याच्या हातून कांहींच झालें नसतें.

१९२० च्या अखेरीस त्याचा पक्ष सरकारांतून बाहेर पडला. १९२२ पासून तो व्हिएन्ना शहराच्या शाळामंडळाचा कार्यकारी अध्यक्ष झाला आणि बारा वर्षें त्या जागेवर राहिला. शाळेचे तो तीन प्रकार करीत असे. पहिली कवायतीची शाळा, जींत छडी चालते व पाठांतर होतें. दुसरी माहितीची शाळा, जींत मुलाच्या डोक्यांत पुष्कळ कांहीं भरलें जातें. तिसरी कामाची शाळा, जींत मूल स्वतः पाहून, मोजून, करून, चुकून शिकतें. ही तिसरी शाळा त्याला हवी होती. खालच्या वर्गांत घंटा वाजली कीं विषय बदलला, हा प्रकार त्यानें बंद केला. आधीं आपली गल्ली, आपला बाजार, आपली नदी. मग दूरचे देश. जुन्या क्रमिक पुस्तकांतील तुकड्यांऐवजीं मुलांनीं अख्खीं गोष्टींचीं पुस्तकें वर्गांत वाचावीं अशी तजवीज झाली. पुस्तकें व शाळेचें सामान शहराच्या खर्चानें मिळूं लागलें. शाळाशाळांतून पालकांचीं मंडळें उभीं राहिलीं. हें सारें चांगलेंच; पण आमच्या मतें त्याचें खरें थोर कृत्य निराळेंच आहे.

१९२३ च्या जानेवारींत व्हिएन्ना शहरानें स्वतःच्या पैशानें शिक्षकांसाठीं एक शिक्षणशास्त्रसंस्था काढिली. युनिव्हर्सिटींत नुकताच आलेला मानसशास्त्राचा नामांकित प्रोफेसर कार्ल ब्यूलर व त्याची पत्नी शार्लोट यांस शहरानें प्रयोगशाळेची सोय करून दिली, आणि त्या मोबदल्यांत त्यांनीं प्राथमिक शिक्षकांस शिकवावें असें ठरविलें. आज युनिव्हर्सिटीच्या विद्वानास प्राथमिक शिक्षकांपुढें व्याख्यान द्यावयास बोलावलें तर तो तास-दीड तास येऊन उपकार केल्याप्रमाणें बोलून जातो. व्हिएन्नांत तीच त्या विद्वानाची नित्याची नोकरी होऊन बसली. डॉक्टर आल्फ्रेड आड्लर हाही तेथें व्याख्यानें देत असे. फ्रॉइडचा हा एके काळचा सहकारी १९११ सालीं त्याच्यापासून वेगळा झाला होता. मुलाच्या मनांत आपण इतरांहून उणे आहों ही जी बोच असते, तींतून त्याचा खोडकरपणा, आळस किंवा भित्रेपणा उत्पन्न होतो, असें त्याचें म्हणणें. महायुद्धानंतर त्यानें व त्याच्या शिष्यांनीं व्हिएन्नाच्या शाळांतून सल्लाकेंद्रें चालविलीं. त्यांत बिघडलेलें समजलें जाणारें मूल, त्याचे आईबाप व शिक्षक एकत्र येत, आणि आड्लर इतर शिक्षकांच्या देखतच त्यांच्याशीं बोले. मुलाला बिघडलेलें ठरवून मोकळें होण्यापेक्षां त्याला एवढी भीति कशाची वाटते हें विचारावें, हा धडा शिक्षकांस पुस्तकांतून मिळाला नसता.

याच संस्थेंत १९२५ पासून दोन वर्षें कार्ल पॉपर नांवाचा तरुण शिकत होता. त्यानें सुतारकामाची उमेदवारी केली होती आणि आड्लरच्या केंद्रांतून अनाथ व दुर्लक्षित मुलांत कामही केलें होतें. १९१९ सालीं एका मुलाची हकीकत त्यानें आड्लरला सांगितली. पॉपरला ती आड्लरच्या सिद्धांतांत बसेल असें वाटलें नव्हतें. पण मुलास न पाहतांच आड्लरनें ती तेथल्या तेथें आपल्या सिद्धांतांत बसविली, आणि एवढी खात्री कशावरून, असें विचारतां आपल्या सहस्रावधि अनुभवांचा हवाला दिला. पॉपरच्या मनांत आलें कीं, जो सिद्धांत प्रत्येक मुलास लागू पडतो, कोणत्याही मुलानें खोटा ठरत नाहीं, त्याला शास्त्र कसें म्हणावें? ज्या विधानाची चूक दाखवितां येण्याची सोय आहे तेंच विधान शास्त्राचें, हें पॉपरचें पुढील काळांतील सुप्रसिद्ध मत. त्याचें एक मूळ असें मुलांच्या सल्लाकेंद्रांत आहे. त्याचा मोठा ग्रंथ १९३४ सालीं निघाला तेव्हां तो शाळेंत गणित व पदार्थविज्ञान शिकवीत होता. मन म्हणजे माहिती ओतून घेणारी घागर नव्हे, तो अंधारांत इकडेतिकडे रोखून पाहणारा कंदील आहे, असा दृष्टान्त तो पुढें देत असे. ग्लोकेलच्या माहितीच्या शाळेंत घागरी भरत, आणि कामाच्या शाळेंत कंदील लागे. पॉपरचें तत्त्वज्ञान सर्वस्वीं त्या शाळेंतून निघालें असें आम्ही म्हणत नाहीं. पण दोहोंचें गोत्र एक आहे, हें आमचें मत आहे.

व्यापारी वाचकांस ओटो नॉयराट याची हकीकत अधिक आवडेल. हा अर्थशास्त्री, आणि तत्त्ववेत्त्यांचें जें मंडळ प्रोफेसर श्लिक याच्याभोंवतीं जमत असे त्यांतला एक खंदा सभासद. आंकड्यांचीं कोष्टकें सामान्य माणूस वाचीत नाहीं, हें जाणून त्यानें १९२५ सालीं व्हिएन्नांत समाज व अर्थव्यवहार यांचें एक संग्रहालय उघडलें. त्यांत सारा हिशेब चित्रांनीं मांडलेला असे. नियम एकच पण मोठ्या अकलेचा: रक्कम वाढली तर चित्र मोठें करावयाचें नाहीं, चित्रांची संख्या वाढवावयाची. एक माणूस म्हणजे अमुक हजार माणसें. दुप्पट माणसें असतील तर दोन चित्रें. चित्रच मोठें केलें तर डोळा फसतो, हें कापडाच्या मापांत मुरलेल्या कोणत्याही दुकानदारास सांगावें लागणार नाहीं. बालमृत्यु, घरभाडें, क्षयरोग, देशोदेशींचा व्यापार ह्या गोष्टी शाळेंतील मुलें व गिरणींतील मजूर त्या भिंतींवर वाचूं लागले. रेल्वे स्टेशनांत व विमानतळांवर आज जीं निःशब्द चित्रचिन्हें आपण पाहतों तीं बऱ्याच अंशीं याच कुळांतलीं.

अशीं आणखी पुष्कळ नांवें घेतां येतील. ओयगेनी श्वार्त्सवाल्ड हिच्या मुलींच्या शाळेंत कोकोश्का हा चित्रकार चित्रकला शिकवी. त्याच्याजवळ सनद नाहीं अशी तक्रार झाली; तो प्रतिभावान् आहे असें बाईंनीं सांगितलें, तेव्हां प्रतिभेची तरतूद अभ्यासक्रमांत नाहीं, असें त्यांस उत्तर मिळालें म्हणतात. तें उत्तर देणारा अधिकारी कोणत्याही देशांत सांपडेल.

आतां विट्गेन्स्टाइनकडे वळूं. १९२० पासून सहा वर्षें तो ट्राटेनबाख, पुखबर्ग व ओटरथाल या डोंगराळ गांवांत शिकवीत होता. सुधारकांच्या घोषणांची तो थट्टा करी; पण त्याच्या शिकविण्यांत त्यांचींच तत्त्वें दिसत. मुलांकडून मेलेल्या मांजराचा सांगाडा तयार करवून त्यानें शरीररचना शिकविली. मुलांस व्हिएन्नास नेऊन इमारती व यंत्रें दाखवावीं, आणि वर्गांत शिकलेलें तेथें ओळखावयास लावावें. परत येतांना रात्रीं रानांतून पायीं चालावें व वाटेंत दगड, झाडें ओळखीत यावें. शुद्धलेखन सुधारण्यासाठीं मुलांनीं आपला शब्दकोश आपणच करावा, ही त्याची कल्पना. त्यांतून त्यानें रचलेला प्राथमिक शाळांचा कोश १९२६ सालीं छापला गेला. मुलांच्या तोंडची गांवची बोली आणि ग्रंथांतली भाषा यांत मूल कोठें चुकतें, हें पाहून त्यानें शब्द निवडले होते. पुढें तो केंब्रिज येथें गेला, आणि त्याचा मरणोत्तर प्रसिद्ध झालेला दुसरा ग्रंथ उघडून पाहावा: मूल शब्द कसें शिकतें, त्याला तो कसा शिकविला जातो, हे प्रश्न त्यांत पुनः पुन्हां येतात.

परंतु हाच शिक्षक मुलांस मारीत असे. गणित न येणाऱ्या मुलींचेही तो केस ओढी. मारण्यास कायद्यानें मनाई होऊन अर्धें शतक लोटलें होतें! १९२६ च्या एप्रिलांत ओटरथाल येथें त्यानें अकरा वर्षांच्या एका अशक्त मुलाच्या डोक्यावर मारलें आणि तो मुलगा कोसळून पडला. विट्गेन्स्टाइननें राजीनामा दिला. चौकशींत तो निर्दोष ठरला. पण त्या चौकशींत आपण खरें बोललों नाहीं, ही टोंचणी त्याला पुढें वर्षानुवर्षें लागली. दहा वर्षांनीं, जगांत त्याचें नांव झाल्यावर, तो ओटरथालला परत गेला आणि जुन्या विद्यार्थ्यांच्या दारीं जाऊन त्यानें क्षमा मागितली. कोणी दिली, कोणी तोंड फिरविलें. बुद्धि कितीही अलौकिक असो, मंदबुद्धि मुलापुढें धीर धरण्याचें शिक्षण तिला वेगळें घ्यावें लागतें; आणि तें शिकविणारीं आड्लरचीं केंद्रें व्हिएन्नांत होतीं, ओटरथालांत नव्हतीं. शहरांतील सुधारणा खेड्यापर्यंत पोंचली नव्हती, हा ग्लोकेलच्या कार्याचा मोठा उणेपणा होय.

शेवट लवकर आला. १९३३ सालीं डोल्फुसच्या सरकारनें धर्मविधींच्या सक्तीविरुद्धचा हुकूम रद्द केला. १९३४ च्या १२ फेब्रुवारीस व्हिएन्नांत यादवी पेटली आणि त्या गडबडींत ग्लोकेलला त्याच्या कचेरींतून पकडून नेलें. वोलर्सडॉर्फ येथील छावणींतील कैद भोगून तो सुटला तो खचलेल्या प्रकृतीनें; १९३५ च्या जुलैंत तो वारला. आड्लरचीं केंद्रें बंद झालीं. नॉयराट त्या वेळीं परदेशीं होता. तो व्हिएन्नास परतलाच नाहीं, हॉलंडांत गेला. १९३६ च्या जूनमध्यें प्रोफेसर श्लिक यास युनिव्हर्सिटीच्या जिन्यावर त्याच्याच एका जुन्या विद्यार्थ्यानें गोळी घालून ठार केलें, आणि कांहीं वृत्तपत्रांनीं खुन्याचीच बाजू उचलून धरिली. पत्रकाराच्या धंद्याची याहून मोठी बेअब्रू आम्हांस ठाऊक नाहीं. १९३७ सालीं पॉपर न्यूझीलंडास गेला. १९३८ सालीं हिटलरचें सैन्य आलें आणि ब्यूलरला अटक झाली. सुटल्यावर तो देश सोडून गेला. श्वार्त्सवाल्डबाईंची शाळाही त्याच वर्षीं मिटली.

दुसऱ्या महायुद्धानंतर या मंडळींचे ग्रंथ इंग्रजींतून जगभर पसरले, आणि ते शिक्षकांसाठीं काढिलेल्या संस्थेंतून किंवा खेड्यांतील शाळेंतून आलेले आहेत, ही ओळख मागें पडली. ऑस्ट्रियानें १९६२ सालीं नवे शाळांचे कायदे केले आणि सक्ती नऊ वर्षांची केली. ग्लोकेलची जी सर्वांत मोठी मागणी होती, कीं श्रीमंताच्या व मजुराच्या मुलांनीं चौदाव्या वर्षापर्यंत एकाच शाळेंत बसावें, ती १९२७ सालीं तडजोडीनें अर्धवट सुटली आणि आजपर्यंत पुरी झालेली नाहीं. व्हिएन्नांतील मूल दहा वर्षांचें झालें म्हणजे चौथ्या इयत्तेंतील जर्मन व गणित यांतील शेरे पाहून अजूनही ठरतें कीं, त्यानें युनिव्हर्सिटीकडे जाणाऱ्या शाळेंत बसावें कीं दुसऱ्या शाळेंत.